क्षेमकल्याणी साहेब गाडी शिकले

"क्लिअर!"

साहेब खिडकीतून डोकं बाहेर काढून इतक्या जोरात ओरडले की समोरून चाललेल्या बाईंच्या हातातली मेथीची जुडी खाली पडली. एका सायकलवाल्यानं दचकून पाय टेकले. कोपऱ्यावर झोपलेलं कुत्रं उठून दुसऱ्या गल्लीत निघून गेलं. मग साहेबांनी डोकं आत घेतलं, किल्ली फिरवली आणि आमची मारुती सुरू झाली.

"साहेब, हे ओरडायचं कशासाठी?" मी विचारलं.

"इंजिन सुरू करण्याआधी सांगावं लागतं, मॅडम. ते समोरचं सगळं आत ओढून घेतं. माणूससुद्धा."

"मारुती आठशे नाही हो ओढून घेत."

साहेबांनी क्षणभर बॉनेटकडे पाहिलं. "बरोबर आहे," ते म्हणाले. "पण सवय आहे."

हा पहिला दिवस. गाडीत बसण्याआधी त्यांनी गाडीभोवती एक पूर्ण प्रदक्षिणा घातली होती. चारही चाकांना बुटानं हलकेच मारून पाहिलं, वायपर हलवून पाहिले, वाकून गाडीच्या पोटाखाली नजर टाकली. मी आत बसून घड्याळ बघत होते. एवढ्या वेळात माझे इतर विद्यार्थी कॉलेज रोडला एक चक्कर मारून परत येत.

पहिल्या गिअरमध्ये आम्ही निघालो. पन्नास पावलं गेलो असू, तेवढ्यात साहेब खणखणीत आवाजात म्हणाले, "ट्रक. साडेदहा."

"साडेदहाला कुठं जायचंय?"

"जायचं नाही. साडेदहाला ट्रक आहे."

मी हातातल्या घड्याळाकडे पाहिलं. सव्वानऊ झाले होते. मी मान वर केली तर डावीकडच्या गल्लीतून वाळूचा एक ट्रक नाक बाहेर काढत होता, आणि साहेब तिकडे न बघता माझ्या तोंडाकडे बघत होते. मी माझ्या बाजूचा ब्रेक दाबला. शिकवायच्या गाडीला दोन ब्रेक असतात. त्या दोन महिन्यांत माझा झिजला तेवढा त्यांचा झिजला नाही.

नंतर कळलं की वैमानिक घड्याळाच्या काट्यांनी दिशा सांगतात. समोर म्हणजे बारा, उजवीकडे तीन, पाठीमागे सहा. आठवड्याभरात मीसुद्धा "साहेब, दोन वाजता रिक्षा" असं म्हणायला लागले. माझ्या बाकीच्या विद्यार्थिनींना वाटलं की माझ्या डोक्यावर परिणाम झालाय.

ही गोष्ट सत्त्याण्णवच्या हिवाळ्यातली, नाशिकची. वडिलांचं मोटार ड्रायव्हिंग स्कूल होतं. त्यांचे गुडघे गेले तेव्हापासून ते मी चालवत होते. मी अठ्ठावीस वर्षांची, आणि त्या वेळी शहरात गाडी शिकवणारी बाई म्हणून लोक मला लांबून बघून जायचे. विंग कमांडर त्र्यंबक क्षेमकल्याणी हे आमच्या भागातलं मोठं नाव. एकाहत्तरच्या लढाईत त्यांनी शत्रूचं विमान पाडलं होतं, त्याबद्दल पदक मिळालं होतं. निवृत्त होऊन ते इथे बंगल्यात राहायला आले तेव्हा कॉलनीनं त्यांचा सत्कार ठेवला होता. साहेबांनी घसा बसल्याचं कळवलं. पुढे दर डिसेंबरात कुठल्या ना कुठल्या शाळेचं बोलावणं यायचं, आणि दर डिसेंबरात त्यांचा घसा नेमानं बसायचा.

अशा माणसाला चारचाकी येत नव्हती, हे मला त्यांच्या पत्नी मालिनीबाईंनीच सांगितलं. मालिनीबाई स्वतः फियाट अशी चालवायच्या की टेम्पोवाले त्यांना वाट द्यायचे.

"नोकरीत त्यांना जीप आणि ड्रायव्हर होता," त्या म्हणाल्या. "घरी मी होते. शिकायची वेळच आली नाही. आता सत्तावन्नाव्या वर्षी एकदम म्हणतात, गाडी शिकायचीय. कशाला, तर सांगत नाहीत. कुठं जायचंय ते सांगा, मी सोडते म्हटलं, तर म्हणतात, नको."

"मग तुम्हीच का नाही शिकवत?"

"एकदा बसले होते शेजारी," मालिनीबाई म्हणाल्या. "आमचं लग्न टिकावं असं वाटतं मला."

माझ्या वडिलांना तर आनंदानं काय करू आणि काय नको झालं. लढाऊ वैमानिक आपल्या गाडीत शिकणार! त्यांनी गाडी स्वतः पुसली. रोज साहेब आले की ते काठी टेकत दारापर्यंत यायचे आणि विचारायचे, "साहेब, ते विमान पाडलंत, त्या दिवशी नेमकं काय झालं?"

साहेब आभाळाकडे बघून म्हणायचे, "आज ढग जरा खाली आहेत, नाही?"

शिकवणं सोपं नव्हतं. चढ आला की ते स्टिअरिंग दोन्ही हातांनी छातीकडे ओढायचे.

"साहेब, ते ओढून गाडी वर जात नाही. गिअर बदला."

"येस, मॅडम."

मी त्यांच्यापेक्षा एकोणतीस वर्षांनी लहान. मला मॅडम म्हणू नका, असं मी दोनदा सांगून पाहिलं. ते म्हणाले, गाडीत इन्स्ट्रक्टर कोण आहे? तुम्ही. मग विषय संपला. खरोखरच, मी रागावले तर ते मान खाली घालून ऐकून घ्यायचे. पण ताशी पंचवीसच्या वर जायचे नाहीत. ज्या माणसानं आवाजाच्या वेगाशी बरोबरी केली होती, त्याला गंगापूर रोडवर मुलींच्या लुना मागे टाकून जायच्या.

आणि गाडी मागे घेणं तर त्यांना जमतच नव्हतं. परीक्षेच्या दिवशी नेमकं तिथेच गाडं अडलं. इन्स्पेक्टर सज्जन होता, साहेबांचं नाव ऐकून उठून उभा राहिला होता. "साहेब, फक्त एवढी गाडी मागे घेऊन दाखवा," तो म्हणाला.

साहेबांनी गाडी मागे घेतली ती थेट कुंपणाच्या तारेपर्यंत.

"माफ करा," ते म्हणाले. "विमानाला मागचा गिअर नसतो. मागे न्यायचं झालं तर ट्रॅक्टर लावून ढकलतात."

"मग पुढच्या वेळी ट्रॅक्टर घेऊन या," इन्स्पेक्टर म्हणाला, आणि लगेच स्वतःच ओशाळून त्यानं जवळची तारीख दिली.

त्यानंतर आठ दिवस रोज सकाळी एका मोकळ्या मैदानात आम्ही फक्त मागे जात होतो. साहेब घामाघूम व्हायचे. दुसऱ्या खेपेला ते पास झाले. लायसन हातात आल्यावर त्यांनी ते बराच वेळ निरखून पाहिलं आणि मला म्हणाले, "मॅडम, अजून एक दिवस द्याल? शहराबाहेर जायचंय. पहिल्या वेळी शेजारी कोणीतरी असावं."

"कुठं?"

"निफाडकडे. पिंपळदरी म्हणून गाव आहे."

फेब्रुवारीतली सकाळ होती. हवेत अजून गारवा होता. साहेब पांढरा शर्ट, करड्या रंगाची पँट आणि चकचकीत बूट घालून आले होते. वडिलांना वाटलं लग्नाला चाललेत. शहर सुटेपर्यंत ते "चार वाजता बस", "अकराला बैलगाडी" असं नेहमीसारखं बोलत होते. पुढे दोन्ही बाजूंना द्राक्षाचे मळे लागले तसे ते गप्प झाले. वेगही पंचविसावरून वीसवर आला. मागे ट्रॅक्टर हॉर्न वाजवत होता.

"साहेब, बरं वाटत नाही का?"

"उत्तम आहे."

पिंपळदरी फाट्याची पाटी मला लांबूनच दिसली. डावीकडे मातीचा रस्ता, कोपऱ्यावर चहाची टपरी. मी म्हटलं, "साहेब, हाच फाटा. इंडिकेटर द्या."

साहेबांनी इंडिकेटर दिला. गाडी मात्र सरळ पुढे गेली.

"साहेब, फाटा गेला."

"हो."

"अहो, मग थांबा ना!"

त्यांनी गाडी रस्त्याच्या कडेला मातीवर घेतली आणि इंजिन बंद केलं. दोन्ही हात स्टिअरिंगवरच होते. समोर बघत ते म्हणाले, "एसटीनं दोनदा आलो होतो. दोन्ही वेळा इथं उतरलोच नाही. घंटी वाजते, गाडी पुढे जाते. पुढच्या गावी उतरलो, चहा घेतला आणि परत गेलो. म्हटलं, स्वतः चालवत आलो तर वळवावीच लागेल. दुसऱ्या कोणावर ढकलता येणार नाही."

"पिंपळदरीत कोण आहे?"

"माझा नंबर दोन." मला समजलं नाही हे त्यांच्या लक्षात आलं. "लढाऊ विमानं जोडीनं जातात, मॅडम. पुढचा लढतो आणि मागचा त्याची पाठ सांभाळतो. तो मागचा. सर्जेराव बोरस्ते. तेव्हा चोवीस वर्षांचा होता."

मी म्हटलं, "मग भेटायला एवढं काय?"

ते पुढे बोट दाखवून म्हणाले, "असं करू, थोडं पुढे जाऊन मोकळ्या जागी वळवू."

"नाही," मी म्हटलं. मला त्या वेळी त्यांच्या मनातलं काही ठाऊक नव्हतं, पण दोन महिने मी त्यांना शिकवत होते. "पुढं गेलात की तुम्ही चहा घेऊन परत जाल. इथूनच मागे घ्या."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. मग खिडकीतून डोकं बाहेर काढलं, मला वाटलं आता ओरडणार, पण ते ओरडले नाहीत. कडेकडेच्या मातीवरून, कुठेही न थांबता, त्यांनी गाडी साठ-सत्तर पावलं मागे आणली ती बरोब्बर टपरीपाशी. टपरीवाल्यानं टाळ्या वाजवल्या. आम्ही आत वळलो.

बोरस्त्यांचं घर मळ्यातच होतं. द्राक्षं उतरवायचे दिवस होते. अंगणात क्रेट रचलेले, बाया सावलीत बसून घड साफ करत होत्या. कमरेला रुंद पट्टा बांधलेला एक उंच माणूस हातात कात्री घेऊन उभा होता. आमच्या गाडीवरची एल पाटी बघून तो हसला.

"गाडी शिकायला एवढ्या लांब आलात होय?"

तेवढ्यात साहेब उतरले. त्या माणसानं कात्री खाली ठेवली, चिकट झालेला हात धोतराला पुसला, टाचा जुळवल्या आणि सॅल्यूट ठोकला.

"गुड मॉर्निंग, सर."

"बोरस्ते," साहेब म्हणाले, "पोट सुटलंय तुझं."

"तुमचे केस गेले, सर."

सव्वीस वर्षांनी भेटलेल्या दोन माणसांचं पहिलं बोलणं हे एवढंच.

आत नेऊन बसवलं. बोरस्त्यांच्या पत्नी कौसल्याबाईंनी चहा टाकला आणि एवढं मोठं ताट भरून द्राक्षं आणून ठेवली. भिंतीवर देवांच्या तसबिरींच्या रांगेत एक वर्तमानपत्राचं कात्रण चौकटीत घालून लावलं होतं. त्यात डोक्यावर भरपूर केस असलेले क्षेमकल्याणी साहेब होते.

"घरी येणाऱ्या प्रत्येकाला दाखवतात," कौसल्याबाई कौतुकानं म्हणाल्या. "'हे आमचे साहेब. यांनी पाडलं. मी मागंच होतो.' आमच्या सोयऱ्यांना तर पाठ झालंय."

साहेब त्या फोटोकडे पाठ होईल अशा खुर्चीवर जाऊन बसले. चहाला त्यांनी हात लावला नाही. खिशातून एक लहानशी डबी काढली आणि द्राक्षांच्या ताटाशेजारी ठेवली.

"हे तुझं आहे," ते म्हणाले.

बोरस्त्यांनी डबी उघडली. आत पदक होतं.

"सर?"

"ते विमान तू पाडलंस. मी नाही. मला त्याच दिवशी माहीत होतं." साहेब ताठ बसून, अहवाल वाचून दाखवावा तसं बोलत होते. "मी घाबरलो होतो. फार लांबून बटण दाबलं. तेवढ्या अंतरावरून विमानाला काय, मी निफाड तालुक्यालासुद्धा गोळी मारू शकलो नसतो. दोन-चार सेकंदांत सगळ्या गोळ्या संपल्या. कुठं गेल्या ते मला दिसलं. त्याच्या डावीकडून, खालून. मग मी निसटायला वळलो, मान वळवून पाहिलं तर ते विमान जमिनीवर पेटलेलं. मागे तू होतास. तुझ्याशिवाय कोण?"

बोरस्त्यांनी डबी मिटून ताटाशेजारी ठेवली.

"परत येताना खालच्या तोफांनी तुला गाठलं. मी एकटाच उतरलो. कोणी म्हणे बोरस्ते गेला, कोणी म्हणे पकडला. मला विचारलं, पाडलंस? सगळ्यांना त्या दिवशी एक तरी चांगली बातमी हवी होती. मी 'हो' म्हटलं. वाटलं, तू सापडलास की दुरुस्त करू. तू सापडलास, आपल्याच हद्दीत, पाठीचं हाड मोडून. मी हॉस्पिटलमध्ये आलो. तू प्लास्टरमधून म्हणालास, 'काँग्रॅच्युलेशन्स, सर.' आणि मी..."

"तुम्ही 'थँक यू' म्हणालात," बोरस्ते म्हणाले.

"थँक यू म्हणालो." साहेबांनी डबी त्यांच्याकडे सरकवली. "तू माझ्या एकाही पत्राला उत्तर दिलं नाहीस. बरोबर केलंस. घे आता."

"मला नको, सर." बोरस्त्यांनी डबी परत सरकवली.

"घे."

"नको."

"अवो, घ्या ना," कौसल्याबाई म्हणाल्या, "साहेब एवढा आग्रह करतायत तर."

बोरस्ते उठले. दाराबाहेर डोकावून, बाया लांब आहेत याची खात्री करून घेतली आणि दार लोटून घेतलं. मग परत येऊन हळूच म्हणाले, "सर, मी गोळीच झाडली नाही."

"म्हणजे?"

"एकही नाही."

"बंदूक अडकली?"

"अडकली असती तर गावभर सांगत फिरलो नसतो का? सेफ्टी काढायची राहिली."

साहेबांनी उचललेलं द्राक्ष हातातच राहिलं. "काय राहिली?"

"चुकून गोळी सुटू नये म्हणून एक खटका असतो," बोरस्ते आम्हा दोघींकडे वळून म्हणाले. "तो आधी उघडायचा, मग बटण दाबायचं. माझी पहिलीच लढाई. विमान माझ्यासमोर, हे असं, या भिंतीएवढं मोठं. मी बटण दाबतोय, दाबतोय, काही होईना. मी बंदुकीला शिव्या देत होतो. मराठीत. पुढे माझं विमान जळून गेलं, म्हणून कोणाला कळलं नाही. देवाचे आभार मानले मी! आता तुमच्या पत्राला काय उत्तर लिहिणार? पुढच्या पत्रात तुम्ही विचारलं असतंत, बोरस्ते, तू किती झाडल्यास?"

मग साहेबांचे खांदे हलायला लागले. मला वाटलं, रडतायत. मी पाण्याचा तांब्या उचलला. ते हसत होते.

"सेफ्टी!" ते कसंबसं म्हणाले.

"निफाड तालुका!" बोरस्ते म्हणाले, आणि दोघं असे हसायला लागले की बोरस्त्यांनी कमरेचा पट्टा दोन्ही हातांनी धरला. "सर, हसवू नका, मणका आहे हो!"

माझ्याही डोळ्यांत पाणी आलं. एकट्या कौसल्याबाई हसत नव्हत्या. त्यांनी पदरानं ताट पुसलं आणि म्हणाल्या, "थांबा जरा. साहेबांची लागली नाही. यांनी झाडली नाही. मग ते विमान पाडलं कोणी?"

दोघं एकदम थांबले. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं.

"फार खाली उडत होता तो," बोरस्ते म्हणाले. "मला पाठीवर आलेलं पाहिलं आणि घाईनं वळला. विमानाला ते वळण झेपलं नाही. डगमगलं आणि खाली गेलं. मला इतकी वर्षं वाटायचं, तुमची गोळी लागली म्हणूनच डगमगलं."

"म्हणजे आपला आपणच पडला?"

"तसंच म्हणायचं, सर."

साहेब मग इतक्या हळू आवाजात बोलले की मला पुढे वाकावं लागलं. "तो माणूस... विमानातच होता?"

"नाही, सर! छत्री उघडली की त्याची. मी बघितली. बाभळीत अडकली. तो सुटून उभा राहिला. मी वरून गेलो तर त्यानं मूठ दाखवली मला."

"मूठ दाखवली?"

"जोरात."

"म्हणजे हात शाबूत होता."

"दोन्ही, सर. मग त्यानं दुसरी मूठ पण दाखवली."

साहेबांनी चष्मा काढला. "मला वाटत होतं तो त्यात होता," ते म्हणाले. "मी कोणाला विचारलं नाही. तुला हॉस्पिटलात विचारणार होतो. तू 'नाही उघडली' म्हणाला असतास तर? म्हणून नाही विचारलं." त्यांनी चष्मा शर्टाला पुसला, पुसतच राहिले. "कोणी पाडलं, ते राहू दे. हे आधी विचारायला हवं होतं."

बोरस्ते त्यांच्या शेजारी येऊन बसले. कौसल्याबाईंनी सगळ्यांचे थंड झालेले चहा उचलले.

"तीन विमानं," त्या आत जाता जाता म्हणाल्या, "आणि धड एकालाही काही येत नव्हतं. बरं झालं, म्हणून तिघं वाचले. आता जेवूनच जायचं."

जेवणानंतर साहेबांनी दुसऱ्या खिशातून एक टाइप केलेलं पत्र काढलं. विमान बोरस्त्यांनी पाडलं, असं वरिष्ठांना कळवणारं. ते आता काही कामाचं नव्हतं. नवीन लिहायचं ठरलं. आरटीओचे फॉर्म भरून भरून माझं अक्षर सुवाच्य झालं होतं, म्हणून कच्चा मसुदा मराठीत मी लिहायला बसले. इंग्रजी साहेब घरी करणार होते.

"सेफ्टी काढायची राहिली, हे लिहायलाच पाहिजे का, सर?" बोरस्त्यांनी विचारलं.

"मी घाबरलो हे लिहिलंय मी."

"घाबरणं वेगळं. हे म्हणजे अगदीच..."

"लिहा हो," कौसल्याबाई म्हणाल्या. "आता काय नोकरी जाणार आहे तुमची?"

ते लिहिलं. साहेबांनी सही केली, बोरस्त्यांनी सही केली. साक्षीदार म्हणून खाली मी सही केली: हेमलता आहेर, मोटार ड्रायव्हिंग इन्स्ट्रक्टर. हवाई दलाला गेलेल्या पत्रावर अशी सही दुसरी नसावी.

त्याच संध्याकाळी साहेबांनी मालिनीबाईंना सगळं सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्या मला भेटायला आल्या आणि माझ्या टेबलासमोर बसून म्हणाल्या, "एवढ्यासाठी गाडी शिकले? मला सांगितलं असतं तर मी पंच्याहत्तर सालीच नेलं असतं. आणि पहिल्या फाट्याला वळवलं असतं." मग पर्समधला रुमाल काढून त्यांनी नाक पुसलं.

उत्तर यायला आठ महिने लागले. साहेब ते दाखवायला आमच्या ऑफिसात आले तेव्हा बोरस्ते त्यांच्याबरोबर होते. मणक्याच्या डॉक्टरांकडे येण्याचं निमित्त करून ते आताशा महिन्यातून दोनदा नाशकात यायचे. पत्र चार ओळींचं होतं. प्रामाणिकपणाबद्दल आभार, परंतु इतक्या वर्षांनी जुन्या नोंदीत बदल करण्याची तरतूद नाही, पदक आपणच ठेवावे.

साहेबांनी डबी टेबलावर ठेवली. "आता याचं काय करायचं? मी हे बहात्तर सालापासून एकदाही लावलेलं नाही. ज्या गोष्टीसाठी दिलं ती झालीच नाही."

बोरस्त्यांनी पदक उचललं, पंख्याच्या वाऱ्यात फडफडणारी फीत सारखी केली आणि वाकून साहेबांच्या बुशशर्टाच्या खिशावर लावायला लागले.

"अरे, कशाबद्दल पण?" साहेब म्हणाले.

"हलू नका, सर, पिन टोचेल," बोरस्ते म्हणाले. "आपण विमान पाडलेलं नाही, असं लेखी कळवल्याबद्दल."